शाहीर साबळे लॉसलेसमध्ये: फाईल मोठी झाली, आवाजाचं काय?

जून २०२१ मध्ये अ‍ॅपल म्युझिकने जादा पैसे न घेता लॉसलेस ऑडिओ द्यायला सुरुवात केली. त्याआधी हा शब्द महागडे हेडफोन्स बाळगणाऱ्या मोजक्या लोकांपुरताच होता. आता जुन्या मराठी लोकगीतांच्या संग्रहावरही ‘लॉसलेस’ असा छोटासा शिक्का दिसतो आणि साहजिकच प्रश्न पडतो: साठ वर्षांपूर्वी एका मोनो टेपवर किंवा तबकडीवर उतरलेलं गाणं आज जास्त डेटा खर्च करून ऐकण्यात काही अर्थ आहे का?

माझं उत्तर आधीच सांगून टाकतो. ऐकण्यापुरतं बघितलं तर फरक आपल्याला वाटतो त्यापेक्षा बराच कमी आहे. गाणं जपून ठेवण्याच्या दृष्टीने बघितलं तर फरक वाटतो त्यापेक्षा खूप मोठा आहे. हे असं का, ते शाहीर साबळे यांच्या गाजलेल्या गाण्यांच्या आधाराने समजून घेऊ.

साबळेच का?

कृष्णराव साबळे यांचा जन्म १९२३ चा, सातारा जिल्ह्यातल्या वाईजवळच्या पसरणी गावचा. स्वातंत्र्य चळवळ, मग संयुक्त महाराष्ट्राची चळवळ, मुक्तनाट्यं, ‘महाराष्ट्राची लोकधारा’ असा त्यांचा प्रवास. १९९८ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१५ मध्ये ते गेले. राजा बढे यांनी लिहिलेलं, श्रीनिवास खळे यांनी स्वरबद्ध केलेलं ‘जय जय महाराष्ट्र माझा’ त्यांच्याच आवाजात घराघरात पोचलं, आणि १९ फेब्रुवारी २०२३ पासून ते महाराष्ट्राचं अधिकृत राज्यगीत आहे.

तांत्रिकदृष्ट्या त्यांची गाणी दोन कारणांनी उपयोगी पडतात. एक म्हणजे आवाज: माईकशिवाय मैदानातल्या शेवटच्या माणसापर्यंत पोचावा असा, वरच्या पट्टीतला, खणखणीत. दुसरं म्हणजे शाहिरीचा साज: डफ, तुणतुणं, ढोलकी, झांज. यातलं जवळपास प्रत्येक वाद्य ऑडिओ कॉम्प्रेशनची परीक्षा बघणारं आहे. कसं, ते पुढे येईलच.

लॉसलेस म्हणजे नेमकं काय?

सीडीवर आवाज कसा साठवतात तिथून सुरुवात करू. आवाजाच्या लहरीची उंची सेकंदाला ४४,१०० वेळा मोजली जाते. प्रत्येक मोजमाप म्हणजे एक सॅम्पल, आणि ते १६ बिटमध्ये लिहिलं जातं, म्हणजे ६५,५३६ पायऱ्यांपैकी एक. डावा आणि उजवा असे दोन चॅनल धरले की हिशोब होतो ४४,१०० × १६ × २, म्हणजे सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट. तीन मिनिटं वीस सेकंदांचं गाणं अशा कच्च्या रूपात सुमारे ३५ एमबीचं होतं. तेच गाणं १२८ केबीपीएसच्या एमपीथ्रीत ३.२ एमबीचं आणि ३२० केबीपीएसच्या एमपीथ्रीत ८ एमबीचं.

३५ वरून ३ वर येताना काहीतरी टाकून द्यावंच लागतं. म्हणून एमपीथ्रीला ‘लॉसी’ म्हणतात. फ्लॅक आणि अ‍ॅपलचं एएलएसी हे ‘लॉसलेस’. ते फाईल लहान करतात, पण एकही बिट न गमावता. आपण फोल्डर झिप करतो आणि उघडल्यावर प्रत्येक अक्षर जागेवर असतं, तसंच.

मग झिपच का नाही वापरत? कारण झिप सारखे-सारखे येणारे तुकडे शोधतं आणि आवाजाच्या आकड्यांमध्ये हुबेहूब तेच तुकडे फारसे सापडत नाहीत. फ्लॅक वेगळी युक्ती वापरतं: अंदाज. समजा मागची तीन सॅम्पल्स २००, २१० आणि २२० आहेत. पुढचं २३० असेल असा अंदाज बांधता येतो. प्रत्यक्षात ते २३२ निघालं तर फाईलमध्ये २३२ लिहायची गरज नाही, ‘अंदाजापेक्षा २ जास्त’ एवढंच लिहिलं की झालं. लहान आकड्याला बिट कमी लागतात. ऐकताना तुमचा फोन तोच अंदाज बांधतो, त्यात फरक मिळवतो आणि मूळ आकडा परत मिळतो. या पद्धतीने साधारण स्टिरिओ गाणं कच्च्या आकाराच्या ५५ ते ६५ टक्क्यांवर येतं. फ्लॅकची पहिली पक्की आवृत्ती २००१ ची. ते सुरुवातीपासून मोफत आणि मुक्त आहे.

इथे जुन्या रेकॉर्डिंगसाठी दोन मजेशीर गोष्टी घडतात.

पहिली: १९६० च्या आसपासची आपल्याकडची व्यावसायिक रेकॉर्डिंग्ज मोनो असायची. म्हणजे डावा आणि उजवा चॅनल अगदी सारखाच. फ्लॅक दोन चॅनलमधला फरकही तपासतं. फरक शून्य असेल तर दुसरा चॅनल जवळपास फुकटात साठवला जातो. त्यामुळे ‘लॉसलेस’ फाईलचा बिटरेट ३००–४५० केबीपीएस दिसला म्हणून फसवणूक झाली असं समजू नका. खरं मोनो असेल तर हेच अपेक्षित आहे.

दुसरी: तबकडीची खरखर. खरखरीचा अंदाज बांधता येत नाही, कारण ती कुठल्याच नियमाने चालत नाही. त्यामुळे खरखर जेवढी जास्त, तेवढी फ्लॅक फाईल मोठी. फ्लॅकला गाणं कोणतं आणि धूळ कोणती हे कळत नाही. ते दोन्ही सारख्याच इमानाने जपतं.

एमपीथ्री काय टाकून देतं?

एमपीथ्री मात्र निवड करतं. आपल्या कानाची एक सवय आहे: मोठा आवाज चालू असताना त्याच्या जवळच्या वारंवारितेचा बारीक आवाज आपल्याला ऐकूच येत नाही. एसटी स्टँडवर बस सुरू असताना शेजारच्याचं कुजबुजणं ऐकू येत नाही, तसं. एमपीथ्री गाण्याचे छोटे-छोटे तुकडे पाडतं, प्रत्येक तुकडा १,१५२ सॅम्पल्सचा, म्हणजे सुमारे २६ मिलिसेकंदांचा. त्या तुकड्यात काय झाकलं जाणार आहे याचा हिशोब करतं आणि झाकल्या जाणाऱ्या भागाला कमी बिट देतं. १२८ केबीपीएसला शिवाय साधारण १६–१७ किलोहर्ट्झच्या वरचं सगळं सरळ कापलं जातं.

यात एका लोकगायिकेचाही वाटा आहे. एमपीथ्री घडवणाऱ्यांपैकी एक, जर्मन अभियंता कार्लहाइन्झ ब्रांडेनबुर्ग, यांनी आपल्या पद्धतीची चाचणी घेताना अमेरिकन गायिका सुझान वेगाचं ‘टॉम्स डायनर’ वापरलं. हे गाणं साथीशिवाय, नुसत्या आवाजात आहे. मागे वाद्यंच नसल्यामुळे चुका झाकायला काही उरत नाही. सुरुवातीच्या एन्कोडरमध्ये तो आवाज बिघडून यायचा, आणि तो नीट येईपर्यंत पद्धत सुधारली गेली. त्यामुळे माणसाच्या आवाजावर एमपीथ्रीचा हात तसा चांगला बसला आहे.

साबळेंच्या आवाजालाही याचा फायदा मिळतो. त्यांच्या आवाजाची ताकद कान ज्या पट्ट्यात सगळ्यात तीक्ष्ण असतो त्याच्या आसपास, म्हणजे काही हजार हर्ट्झपर्यंत एकवटलेली आहे. एमपीथ्री त्या भागाला हात लावताना सगळ्यात जास्त जपतं. म्हणून शाहीर १२८ केबीपीएसमध्येही शाहीरच वाटतात.

खरी पंचाईत साथीची होते. डफावरची थाप म्हणजे शांततेतून एकदम उठणारा आवाज. २६ मिलिसेकंदांच्या तुकड्यात थाप शेवटी असेल, तर टाकून दिलेल्या बिट्समुळे झालेली चूक पूर्ण तुकड्यावर पसरते आणि थापेच्या *आधी* एक बारीक फुस्स असा आवाज येतो. याला प्री-एको म्हणतात. एन्कोडर अशा जागी तुकडे लहान करून हे टाळायचा प्रयत्न करतात, पण बिटरेट कमी असला की थापेची धार बोथट होतेच. युरोपातले अभियंते या चाचणीसाठी कॅस्टनेट्स, म्हणजे स्पेनमधल्या लाकडी चिपळ्या वापरतात. आपल्याकडे हलगी किंवा ढोलकीची चाटी तेच काम करेल.

झांजेचं दुखणं वेगळं. झांज वाजली की खालपासून वरपर्यंत सगळ्या वारंवारिता एकदम उसळतात आणि त्यांचा अंदाज बांधता येत नाही. कमी बिटरेटला झांज ‘झन्न’ न वाजता पाण्याखाली वाजल्यासारखी चुबूक-चुबूक करते. पुढच्या वेळी स्वस्त एमपीथ्री ऐकताना गाणाऱ्याकडे दुर्लक्ष करा आणि झांजेकडे कान द्या. फरक तिथे सापडेल.

पण बरीच हानी आधीच झालेली आहे

लॉसलेसचा शिक्का फक्त एवढंच सांगतो: स्टुडिओने किंवा कंपनीने जी डिजिटल फाईल दिली, तिच्यातलं तुमच्यापर्यंत पोचताना काही गळलं नाही. ती फाईल कशी तयार झाली, याबद्दल तो काहीही सांगत नाही.

जुन्या लोकगीताचा प्रवास बघा. गायक आणि साथीदार, त्यांच्यासमोर एखाद-दुसरा मायक्रोफोन, मग टेप, टेपवरून तबकडीचा साचा, मग तबकडी. ७८ आरपीएमच्या तबकडीवर ८–१० किलोहर्ट्झच्या वर गाण्याचं फारसं काही उरत नसे. शिवाय सगळ्यात मोठी हानी वेळेची होती. दहा इंची तबकडीच्या एका बाजूला जेमतेम तीन-साडेतीन मिनिटं मावत. जो पोवाडा किंवा जे भारूड गावच्या चौकात अर्धा तास रंगायचं, ते तेवढ्यात आटपावं लागे. संत एकनाथांचं ‘विंचू चावला’ मैदानात ऐकणं आणि तबकडीवर ऐकणं यातला फरक कुठलाही कोडेक भरून काढू शकत नाही.

‘गाजलेली गाणी’ या प्रकारच्या संग्रहात आणखी एक गोष्ट होते. त्यात वेगवेगळ्या काळातली गाणी एकत्र येतात. एखादं मूळ टेपवरून घेतलेलं असतं, दुसरं मूळ टेप सापडली नाही म्हणून तबकडीवरून, तिसरं नंतरच्या स्टिरिओ रेकॉर्डिंगमधलं. मग सगळ्यांचा आवाज एका पातळीवर आणला जातो, खरखर काढली जाते. खरखर काढताना हात जड पडला तर तिच्याबरोबर झांजेची झिणझिण आणि दोन ओळींमधला श्वासही जातो. अशा गाण्यावर लॉसलेसचा शिक्का असला तरी तो खरा असतोच, फक्त त्याने जपलेली वस्तू आधीच झिजलेली असते.

म्हणून एकाच गाण्याच्या दोन आवृत्त्या मिळत असतील तर फॉरमॅटपेक्षा आवृत्तीकडे बघा. चांगल्या टेपवरून घेतलेलं २५६ केबीपीएसचं गाणं, घासून-पुसून सपाट केलेल्या लॉसलेसपेक्षा कधीही सरस वाटेल. तुलना करताना दोन्हीचा आवाज सारखा ठेवा, कारण थोडं मोठं वाजणारं गाणं आपल्याला नेहमीच ‘क्लिअर’ वाटतं.

आता २४ बिट, १९२ किलोहर्ट्झच्या ‘हाय-रेझ’बद्दल. १६ बिटमध्ये सगळ्यात बारीक आणि सगळ्यात मोठ्या आवाजात सुमारे ९६ डेसिबलचं अंतर मावतं. साध्या कॅसेटमध्ये हाच आकडा ५०–६० डेसिबलच्या घरात असतो. ४४.१ किलोहर्ट्झमध्ये २२ किलोहर्ट्झपर्यंतचा आवाज टिपता येतो आणि माणसाचा कान तरुणपणी फार तर २० पर्यंत जातो. थोडक्यात, जुनं गाणं सीडीच्या मापात आरामात मावतं. तेच तीन मिनिटं वीस सेकंदांचं गाणं २४/१९२ मध्ये कच्च्या रूपात २३० एमबी होतं. त्यातला बराचसा भाग खरखरीचंच अधिक बारकाईने केलेलं चित्रण असतो.

खरखर साक्षीदार असते

खोटं लॉसलेसही मिळतं. एमपीथ्री फाईल फ्लॅकमध्ये बदलायला दोन सेकंद लागतात. फाईल मोठी होते, नावापुढे फ्लॅक लागतं, पण गेलेलं परत येत नाही. झेरॉक्सची लॅमिनेटेड कॉपी केली म्हणून ती मूळ कागद होत नाही.

हे ओळखायला स्पेक नावाचं मोफत सॉफ्टवेअर वापरा, किंवा ऑडॅसिटीमधला स्पेक्ट्रोग्राम. फाईल उघडली की कोणत्या क्षणी कोणत्या वारंवारितेवर किती आवाज आहे याचं रंगीत चित्र दिसतं. नव्या गाण्यात १६ किलोहर्ट्झच्या आसपास कात्रीने कापल्यासारखी सरळ रेघ दिसली आणि तिच्या वर काळाकुट्ट अंधार असला, तर ती फाईल कधीतरी कमी बिटरेटच्या लॉसी फॉरमॅटमधून गेलेली असण्याची दाट शक्यता असते.

जुन्या गाण्यात गंमत आहे. गाणंच १० किलोहर्ट्झला संपत असेल तर १६ ची कात्री दिसणार कशी? इथे खरखर मदतीला येते. तबकडीची खरखर वरपर्यंत, २० किलोहर्ट्झच्याही पुढे पसरलेली असते. त्यामुळे वरच्या भागात पातळ धुक्यासारखा थर दिसला तर फाईल बहुधा अस्सल. तो थर १६ वर अचानक थांबला तर मधे कुठेतरी एमपीथ्री येऊन गेलं. अर्थात, स्वच्छ करताना वरचा भाग मुद्दाम गाळलेला असू शकतो. तेव्हा एकाच खुणेवर निकाल देऊ नका, पण शंका घ्यायला ही खूण पुरेशी आहे.

शेवटच्या मीटरमध्ये गळती

समजा फाईल अस्सल आहे. ती तुमच्या कानापर्यंत तशीच पोचते का? बहुतेकांच्या बाबतीत नाही.

- सेटिंग: अ‍ॅपल म्युझिकमध्ये लॉसलेस आपोआप चालू नसतं. आयफोनच्या सेटिंग्जमध्ये म्युझिक, त्यात ऑडिओ क्वालिटी इथे जाऊन ते चालू करावं लागतं. मोबाईल डेटा, वायफाय आणि डाउनलोड यांसाठी वेगवेगळे पर्याय आहेत.
- यूट्यूब: इथे लॉसलेस नाहीच. यूट्यूब म्युझिकची सर्वात वरची पातळी २५६ केबीपीएस आहे. व्हिडिओच्या नावात ‘लॉसलेस’ लिहिलं असलं तरी तुमच्यापर्यंत लॉसीच येतं.
- ब्लूटूथ: नेहमीचं एसबीसी कोडेक सुमारे ३२८ केबीपीएसपर्यंत जातं, एलडॅक ९९० पर्यंत. आयफोन एएसी वापरतो. हे सगळे लॉसी आहेत. म्हणजे फोन लॉसलेस फाईल उघडतो आणि हवेतून पाठवण्यासाठी पुन्हा काहीतरी टाकून देतो. अ‍ॅप्टएक्स लॉसलेससारखे अपवाद आहेत, पण त्यासाठी फोन आणि इअरबड्स दोन्हीत ते असावं लागतं.
- वायर: खरं लॉसलेस ऐकायचं तर वायरचा हेडफोन हा सगळ्यात सोपा मार्ग. फोनला जॅक नसेल तर साधा यूएसबी-सी अ‍ॅडॉप्टर सीडीच्या दर्जासाठी पुरतो.

डेटाचा हिशोबही लक्षात ठेवा. २५६ केबीपीएसला तासाला ११५ एमबी लागतात. सीडी दर्जाचा आवाज कच्च्या रूपात तासाला ६३५ एमबी होतो आणि लॉसलेस कॉम्प्रेशननंतर त्याच्या साधारण निम्मा ते दोन तृतीयांश. बसमध्ये ब्लूटूथवर ऐकणार असाल तर हा डेटा वाया जातो.

स्वतःच तपासा

माझ्यावर विश्वास ठेवू नका, मोजा. फूबार२००० या मोफत प्लेअरला एबीएक्स नावाचा जोड मिळतो. एकाच फ्लॅक फाईलपासून १२८ आणि ३२० केबीपीएसच्या एमपीथ्री बनवा. हा जोड तुम्हाला ‘क्ष’ ऐकवतो आणि विचारतो, हा अ की ब? नाव दिसत नाही, फक्त कान. १६ वेळा करा. नुसत्या अंदाजाने १६ पैकी १२ किंवा जास्त बरोबर येण्याची शक्यता चार टक्क्यांहून कमी आहे, म्हणून १२ आले तर तुम्हाला फरक खरंच ऐकू येतोय असं धरायला हरकत नाही.

मी जुन्या लोकगीतांवर हे केलं तेव्हा १२८ झांजेवरून ओळखता आलं. ३२० आणि फ्लॅक यांच्यात मात्र माझे आकडे नाणेफेकीच्या आसपासच राहिले. तुमचे कान माझ्यापेक्षा तयार असतील. पण बहुतेकांना ३२० ला फरक सापडत नाही आणि त्यात लाजण्यासारखं काहीच नाही.

मग लॉसलेस हवं कशाला?

कारण लॉसी फॉरमॅट एकदाच वापरला तर कान फसतो. पुन्हा-पुन्हा वापरला तर गाणं झिजतं.

एखाद्या गावच्या शाहिराची कॅसेट आहे, जत्रेत टेपरेकॉर्डरवर भरलेली. नातवाने ती वाजवून समोर मोबाईल ठेवला. फोनच्या रेकॉर्डरने एएसी फाईल केली: पहिली हानी. त्यावर फोटो लावून व्हिडिओ केला: दुसरी. यूट्यूबवर चढवला, तिथे पुन्हा एन्कोड झाला: तिसरी. कुणीतरी त्यातून एमपीथ्री काढली: चौथी. ती ब्लूटूथ स्पीकरवर वाजली: पाचवी. प्रत्येक टप्प्यावरचा एन्कोडर आधीच्याची चूक खरा आवाज समजून तिच्यासाठी बिट खर्च करतो. शिवाय बरेच फोन बोलणं स्पष्ट यावं म्हणून इतर आवाज दाबतात. म्हणजे ढोलकी त्यांच्या लेखी गोंगाट ठरते.

साबळेंची गाणी कंपन्यांच्या तिजोरीत आहेत, राज्यगीत तर शाळाशाळांमध्ये वाजतं. ती हरवणार नाहीत. पण ज्यांची तबकडी कधी निघालीच नाही असे शाहीर, गोंधळी, वाघ्या-मुरळी, भजनी मंडळं कॅसेटवर आहेत, आणि अनेकदा एकाच कॅसेटवर. हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांनी सुरू केलेल्या प्रकल्पात जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा झाल्या, त्यातल्या अनेक गाणाऱ्या बायांच्या आवाजात ‘पारी’ या संकेतस्थळावर आज ऐकता येतात. ते झालं कारण कुणीतरी वेळेत आणि नीट नोंद केली.

दुसरं कारण भविष्याचं. २०१९ मध्ये डीझर कंपनीने स्प्लीटर नावाचं सॉफ्टवेअर मोफत दिलं, जे तयार गाण्यातून आवाज आणि वाद्यं वेगळी करतं. तेव्हापासून ही साधनं झपाट्याने सुधारत आहेत. दहा वर्षांनी खरखर काढण्याचं आजच्यापेक्षा कितीतरी चांगलं साधन येईल. त्याला काम करायला पूर्ण रेकॉर्डिंग हवं, खरखरीसकट. एमपीथ्रीने फेकून दिलेलं त्याला कुठून मिळणार?

घरात कॅसेट असेल तर

१. कॅसेट आधी एकदा पूर्ण पुढे आणि मागे फिरवा, चिकटलेली टेप सुटते. डेकचं हेड आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि कापसाने पुसा.

२. वाजताना आवाज बसका वाटला तर हेडच्या बाजूचा छोटा स्क्रू अगदी थोडा फिरवून बघा. जिथे झांज सगळ्यात लख्ख वाजते ती जागा बरोबर.

३. स्पीकरसमोर फोन धरू नका. डेकच्या लाईन-आऊटमधून वायर यूएसबी साऊंड कार्डच्या लाईन-इनला द्या. लॅपटॉपचं हेडसेटचं भोक बहुतेक वेळा फक्त माईकसाठी असतं.

४. ऑडॅसिटीत २४ बिट, ४८ किलोहर्ट्झवर रेकॉर्ड करा. ध्वनिसंग्रहालयांची आंतरराष्ट्रीय संघटना आयएएसए हीच किमान पातळी सुचवते. ऐकायला १६ बिट पुरतात हे खरं, पण रेकॉर्ड करताना पातळी कमी-जास्त झाली तर जादा बिट सांभाळून घेतात. सगळ्यात मोठा आवाज उणे ६ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका.

५. मूळ फाईलवर खरखर काढू नका. ती फ्लॅकमध्ये तशीच ठेवा आणि सफाईचे प्रयोग दुसऱ्या कॉपीवर करा. फ्लॅकच्या सुरुवातीला मूळ आवाजाचा एमडीफाईव्ह, म्हणजे एक प्रकारचा अंगठ्याचा ठसा साठवलेला असतो. वीस वर्षांनीही फाईल बिघडली आहे का ते त्यावरून तपासता येतं.

६. कोण गातंय, साथीला कोण, गाव कोणतं, साल कोणतं, हे लगेच लिहून ठेवा. सांगणारी माणसं आहेत तोवरच ही माहिती मिळते.

७. कुणाला पाठवायचं असेल तर व्हॉट्सअ‍ॅपवर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा. ऐकण्यासाठी वेगळी एमपीथ्री करा, खुशाल. तीन कॉपी ठेवा, त्यातली एक दुसऱ्या गावात.

साठ मिनिटांची कॅसेट या मापात कच्च्या रूपात सुमारे १ जीबी होते. ६४ जीबीच्या पेन ड्राइव्हवर अशा साठेक कॅसेट मावतात, फ्लॅक केल्या तर त्याहून जास्त.

तेव्हा साबळे ऐकायचे असतील तर चांगली आवृत्ती शोधा, वायरचा हेडफोन लावा आणि शिक्क्याची फार चिंता करू नका. लॉसलेसचा आग्रह धरायचा तो माळ्यावरच्या डब्यातल्या कॅसेटसाठी. त्या टेपवरचा थर दर पावसाळ्यात थोडा आणखी खराब होतोय, आणि तिची दुसरी कॉपी बहुधा कुठेच नाही.